ताईजींचा साडेतीन सेकंदांचा विराम

खटला उभा राहिला तेव्हा पोहे अजून गरम होते. आरोपी स्वयंपाकघरात वरून घालायला खोबरं खवत होती, त्यामुळे बाकीच्यांनी तिच्या गैरहजेरीतच कामकाज सुरू केलं. तसं करताना सगळ्यांनी आवाज खाली आणले, हे चेतनाने टिपलं. म्हणजे यांना अजून नक्की माहीत नाहीये, ती मनात म्हणाली. नक्की माहीत असतं तर कुजबुजले नसते.

गाझियाबादच्या त्या फ्लॅटमध्ये रविवार म्हणजे मोजणीचा दिवस. चेतनाच्या सासूबाई, विजयालक्ष्मीबाई, गेली एकवीस वर्षं 'तीसरी मंज़िल, बाएँ हाथ' या हिंदी विनोदी मालिकेत समोरच्या घरातल्या ताईजी होत्या. ताईजींचं काम ठरलेलं. समोरच्यांचं भांडण ऐन रंगात आलं की दार ढकलून आत यायचं, कुणीतरी काहीतरी विचारायचं, त्यावर एक वाक्य बोलायचं आणि जाताना त्यांच्या फ्रिजमधून काहीतरी उचलून न्यायचं. श्यामकांत, म्हणजे विजयालक्ष्मीबाईंचे यजमान, सांख्यिकी खात्यात होते आणि जे मोजता येत नाही त्यावर त्यांचा विश्वास नव्हता. बायको पडद्यावर किती सेकंद दिसली हे ते स्टॉपवॉच लावून वहीत लिहीत. ते गेल्यावर मागे राहिलेल्या बाकी प्रत्येक वस्तूवरून घरात वाटणीची भांडणं झाली. वही आणि स्टॉपवॉच मात्र धाकट्या भावाकडे, दामूकाकांकडे, बिनविरोध गेलं.

आणि दामूकाकांनी विराम शोधून काढला.

सहा वर्षांपूर्वी त्यांच्या लक्षात आलं, की हल्ली वहिनींना प्रश्न विचारला की त्या लगेच बोलत नाहीत. आधी एक सेकंद, मग दोन, आता साडेतीन. तेवढा वेळ कॅमेरा त्यांच्या चेहऱ्यावर थांबतो, त्या कुठेतरी लांब बघत असतात, आणि हिंदी पट्ट्यातली निम्मी घरं हसून लोळतात. दामूकाकांनी मराठी मंडळाच्या गणेशोत्सवी स्मरणिकेत 'विराम: एक अभ्यास' असा सात पानी लेख लिहिला. कोपर्निकस मार्गावरच्या जुन्या महाराष्ट्र सदनात वहिनींना शाल-श्रीफळ झालं. अध्यक्ष म्हणाले, ही थांबण्याची कला पन्नास वर्षांच्या साधनेतून येते. विजयालक्ष्मीबाई पहिल्या रांगेकडे बघत होत्या. साडेतीन सेकंदांनी त्यांनी नमस्कार केला.

"हा आलेख बघा," चेतनाच्या लेकीने, अक्षताने लॅपटॉप सगळ्यांकडे वळवला. ती मानेसरला ब्रेकचे सुटे भाग बनवणाऱ्या कंपनीत क्वालिटीला होती, शनिवार-रविवार घरी यायची आणि घरातही दोष शोधायची. "दामूआजोबांच्या वहीतले आकडे टाकलेत. इथपर्यंत सपाट, मग चढ. दर वर्षी साधारण अर्धा सेकंद. आमच्याकडे मशीन असं सरकायला लागलं ना बाबा, तर लाइन बंद करतात."

"आजी मशीन नाहीये," चेतना म्हणाली.

"हो ना मम्मा. मशीन असती तर सहा वर्षं कुणी टाळ्या वाजवल्या नसत्या."

"हा चढ कलेचा आहे," दामूकाका आपल्या डाव्या कानातलं श्रवणयंत्र नीट बसवत म्हणाले. "कलेचा आलेख असाच असतो. मी लिहिलंय ना त्या लेखात, पान चार."

"काका, कला अशी सरळ रेषेत वाढत नाही," चेतनाचा नवरा सुधन्वा म्हणाला. "ऐकू न येणं वाढतं."

त्याने फोन टेबलावर ठेवला. ती चित्रफीत आता सगळ्यांनीच पाहिली होती. गुरुवारी शूटिंग चालू असताना युनिटमधल्या कुणीतरी फोनवर काढलेली. ताईजी फ्रिजपाशी वाटी घेऊन उभ्या आहेत. मागे पुरुषभर उंचीचा दिव्याचा स्टँड डुलतो, कलतो आणि त्यांच्यापासून हातभर अंतरावर आडवा होतो. सगळं युनिट सैरावैरा. ताईजी मान वळवत नाहीत. शांतपणे वाटीवर झाकण ठेवतात. अकरा लाख लोकांनी ते पाहिलं होतं, आणि खाली हजारो लोकांनी लिहिलं होतं की असा संयम आता नव्या पिढीत राहिला नाही. सुधन्वाला ते लिफ्टमध्ये त्याच्या जॉइंट सेक्रेटरींनी दाखवलं. 'आपकी माताजी? वाह!' सुधन्वा चौथ्या मजल्यावर उतरायचा तो सातव्यावर उतरला, आणि तिथूनच त्याने कानाच्या डॉक्टरांची वेळ घेतली. सोमवार, सकाळी दहा.

सोमवारी सकाळी दहाला नोएडात शूटिंगही होतं.

"टेस्ट होईल, मशीन लागेल, विषय संपला," सुधन्वा म्हणाला. "एवढं काय त्यात?"

एवढं काय त्यात, ते घरात एकट्या चेतनाला माहीत होतं.

तिला पहिल्यांदा कळलं ते कुकरमुळे. सासूबाई ओट्यापाशी वर्तमानपत्र वाचत उभ्या, आणि शेजारी कुकरच्या नऊ शिट्ट्या झाल्या. डाळीचं पीठ झालं होतं. दोघी त्या डाळीविषयी काहीही बोलल्या नाहीत. पुढच्या सोमवारी चेतना रजा टाकून त्यांच्याबरोबर सेटवर गेली, नुसती सोबत म्हणून. ताईजी आत आल्या, प्रश्न आला, आणि ताईजी बोलेनात. कॅमेऱ्यामागे उभ्या चेतनाच्या घशाला कोरड पडली म्हणून तिने केशरी बाटली तोंडाला लावायला उचलली. ती हालचाल खूण समजून विजयालक्ष्मीबाईंनी वाक्य टाकलं. सेटवर इतका हशा झाला की दिग्दर्शक मानसने स्वतः येऊन पाय धरले. 'ताईजी, ये पॉज़! ये कहाँ छुपा के रखा था?'

परतताना गाडीत त्या एवढंच म्हणाल्या, "गुरुवारी पण बाटली आण हं."

तेव्हापासून आठवड्याचे दोन दिवस चेतना बाटली घेऊन उभी. विजयालक्ष्मीबाईंना चष्मा होता, पण पडद्यावरच्या ताईजींना नव्हता, त्यामुळे त्यांना आधी केशरी ठिपका शोधावा लागे, मग तो वर गेला की नाही ते ठरवावं लागे. चष्म्याचा नंबर वाढत गेला तसे सेकंदही वाढले; आता साडेतीन लागत ते यालाच. यात साधना होती, पण ती पन्नास वर्षांची नव्हती आणि एकटीची नव्हती.

आणि त्या विरामावर आता सगळं उभं होतं. चौतिसाव्या वर्षी विजयालक्ष्मीबाई पहिल्यांदा पडद्यावर आल्या त्याच मुळी सासू म्हणून. मग अडतीस वर्षांत अकरा सासवा, सहा नर्सा, दोन मुख्याध्यापिका आणि एक प्रेत. प्रेत असताना त्यांना शिंक आली, आणि तीच त्यांची पहिली गाजलेली भूमिका. इतक्या वर्षांत एकही प्रसंग त्यांच्यासाठी लिहिला गेला नव्हता. त्या दुसऱ्यांच्या प्रसंगात येऊन जायच्या, पाहुण्या येतात तशा. सहा वर्षांपासून मात्र लेखक विरामासाठी जागा सोडत होते. परवाच मानसने चेतनाला बाजूला घेतलं होतं. चॅनलवर नवीन लोक आलेत, दिवाळीपर्यंत अकरापैकी तीन पात्रं काढायचीत. 'ताईजी सेफ हैं, भाभीजी. वो पॉज़ है ना.'

मशीन लागलं की ऐकू येणार. ऐकू आलं की त्या लगेच बोलणार. लगेच बोलल्या की तीन पात्रांतलं एक त्या. आणि मशीन नाही लावलं, तर गुरुवारसारखा गुरुवार पुन्हा येणार. त्या दिवशी तिच्या ऑफिसातून, मंत्रालयातून, फोन आला म्हणून चेतना दाराबाहेर गेली होती, फाइल कुठे आहे ते सांगायला. जेमतेम चार मिनिटं. तेव्हापासून तिला नीट झोप नव्हती.

विजयालक्ष्मीबाई खोबऱ्याची वाटी घेऊन बाहेर आल्या. चौघांनी एकदम हसून पाहिलं.

"काय झालं?" त्या म्हणाल्या. "बाराव्याला जमल्यासारखे हसताय."

"काही नाही वहिनी, पोहे फर्स्ट क्लास!" दामूकाका म्हणाले. त्यांची ताटली अजून कोरी होती.

सुधन्वाने घसा साफ केला. लहानपणापासून खोटं बोलताना तो ताटात बघायचा. आताही त्याने ताटातल्या शेंगदाण्यांना उद्देशून बोलायला सुरुवात केली. "आई, उद्या जरा माझ्याबरोबर यायचंस. रूटीन चेकअप. वय झालं की सगळेच करतात. ऑफिसच्या स्कीममध्येच आहे. दहाला."

विजयालक्ष्मीबाई त्याच्या भांगाकडे प्रेमाने बघत राहिल्या. एक सेकंद. दोन. चेतनाच्या हाताने तिला न विचारता समोरचा पाण्याचा ग्लास उचलला.

"उद्या शूटिंग आहे माझं," त्या ठामपणे म्हणाल्या. सुधन्वा 'उद्या'पासून सुरू करतो ते बहुतेक उद्यासाठीच असतं, हा अंदाज बरोबर निघाला.

"मम्मा," अक्षता म्हणाली. "ते पुन्हा कर."

"काय?"

"ग्लास. तू पाणी प्यायलीच नाहीस. नुसता वर केलास आणि आजी बोलली."

 चेतनाने ग्लास खाली ठेवला, आणि ठेवताना तिला कळलं की ग्लास ठेवण्याची ही रीत निरपराध माणसाची नाही.

"सेटवर पण?" सुधन्वाने विचारलं.

"सेटवर बाटली असते."

"कधीपासून?"

"सहा वर्षं."

"सहा वर्षं! चेतना, यार, माझ्या आईला ऐकू येत नाही हे तुला सहा वर्षं माहीत होतं, आणि तिला डॉक्टरकडे न्यायचं सोडून तू बाटली घेऊन उभी राहिलीस? आणि मला सांगायचीस की आईला सोबत लागते!"

"सोबतच होती ती."

"म्हणजे," दामूकाका हळूच म्हणाले, "माझ्या सात पानांत बाटलीचा उल्लेखच नाही."

"आजोबा, प्लीज!"

"नाही ग, मी संदर्भ दिलेत. अठरा संदर्भ. आणि मूळ साधनच राहिलं."

"त्या परवाच्या स्टँडखाली आई गेली असती तर?" सुधन्वा उठून उभा राहिला होता. "तेव्हा कुठे होती तुझी बाटली?"

 विजयालक्ष्मीबाई एकेकाच्या ओठांकडे बघत होत्या. मग त्यांनी सुधन्वाच्या ताटलीत खोबरं घातलं.

"तिच्यावर ओरडू नकोस. बाटली मीच आणायला सांगितली. मी बहिरी आहे. झालं? आता खा, गार होतंय."

हा शब्द त्या घरात पहिल्यांदाच उच्चारला गेला होता आणि तो पोह्यांबरोबर वाढला गेल्यामुळे त्यावर नेमकं काय करायचं हे कुणाला सुचेना. सुधन्वाने एक घास खाल्ला.

"आणि ते दिवा पडलेलं बघितलंय मी," त्या म्हणाल्या. "चेतनाच्या फोनवर. एवढं काय त्यात? सगळे चहाला धावले."

"आजी, कुणी चहाला नाही धावलं," अक्षता त्यांच्या समोर बसून, सावकाश म्हणाली. "तू ते आवाजासकट बघितलंच नाहीस."

दामूकाकांनी कानातलं मशीन काढलं, सदऱ्याला पुसलं आणि तळहातावर ठेवून पुढे केलं, प्रसाद द्यावा तसं. "घ्या वहिनी. माझ्या मापाचं आहे, पण घरातलंच आहे."

"आजोबा, असं दुसऱ्याचं घालत नाहीत! प्रत्येकाचं सेटिंग वेगळं असतं. आणि हायजीन?"

दामूकाकांना आता काहीच ऐकू येत नसल्यामुळे हा आक्षेप फेटाळला गेला.

मशीन कानात गेलं आणि आधी बारीक शिट्टी वाजली. विजयालक्ष्मीबाईंनी डोळे मिटले, मग एकदम उघडले. "हा फ्रिज असा कण्हतो? केव्हापासून?" मग पंखा. मग खालच्या मजल्यावरचं मिक्सर. "दाखव तो फोन."

सुधन्वाने चित्रफीत लावली. चेतना खिडकीकडे तोंड करून उभी राहिली. तिने ती आवाजासकट एकदाच ऐकली होती. आधी स्टँडचा करकर आवाज. मग एक पुरुष, 'हटो! ताईजी, हटो!' मग चारपाच जण एकदम. मालिकेत सुनेचं काम करणाऱ्या मुलीची किंकाळी. आणि सगळ्यांच्या वर, दाराकडून, मराठीत, घसा फाटेपर्यंत: 'आई! आई! आई!'

"ही कोण?" विजयालक्ष्मीबाईंनी विचारलं.

अक्षताने खिडकीपाशी उभ्या आईकडे पाहिलं. त्यांनी पुन्हा लावायला सांगितली. दुसऱ्यांदा त्यांनी फोन कानाशी धरला. तिसऱ्यांदा संपल्यावर त्यांनी फोन पालथा टेबलावर ठेवला.

"सव्वीस वर्षांत या घरात तू आवाज चढवला नाहीस," त्या चेतनाच्या पाठीकडे बघत म्हणाल्या. "मला वाटायचं तुला येतच नाही."

"काय चाललंय?" दामूकाका मोठ्याने ओरडले.

"आई, आता ऐकू येतंय ना नीट?" सुधन्वाने विचारलं.

"येतंय की. इतका जवळून कशाला बोलतोस?"

हे उत्तर प्रश्न संपतो न संपतो तोच आलं. अक्षताने आधी बापाकडे, मग आईकडे पाहिलं. दामूकाकांनी सवयीने स्टॉपवॉच दाबलं होतं. ऐकू काही आलं नव्हतं, पण ओठ त्यांनी बरोबर पकडले होते. त्यांनी काटा सगळ्यांना दाखवला. पाऊण सेकंद.

"परत विचारा," चेतना वळून म्हणाली. तिचा आवाज तिलाच पातळ वाटला. "काहीही विचारा."

"आजी, आज वार कोणता?"

"रविवार."

"आजी, थांबून सांग. मुद्दाम. तीन मोज मनात. उद्या काय आहे?"

विजयालक्ष्मीबाईंनी ओठ घट्ट मिटले, भुवया वर नेल्या, एक मोजलं, दोन मोजलं. ते मोजणं चेहऱ्यावर स्वच्छ दिसत होतं, बँकेत टोकन घेऊन बसलेल्या माणसासारखं. "सोमवार," त्या म्हणाल्या. कुणालाही हसू आलं नाही.

मग चेतनाने परत खुर्चीत येऊन सगळ्यांना सांगून टाकलं. चॅनलचे नवे लोक, अकरातली तीन पात्रं, दिवाळी. सांगताना तिला वाटलं की सुधन्वा पुन्हा उसळेल. तो उसळला नाही. तो खाली बसला आणि बराच वेळ ताटलीतली कढीपत्त्याची पानं एका बाजूला लावत राहिला.

"मग असं करू या का," तो शेवटी म्हणाला. "टेस्ट दिवाळीनंतर. तोवर चेतना आहेच. फक्त तिने बाहेर फोन घ्यायचा नाही."

"बाबा!"

"अगं, अडतीस वर्षं केलंय तिने हे! मी शाळेत होतो तेव्हा मुलं मला 'मुर्द्याचा मुलगा' म्हणायची, मला अभिमान होता. आता मी माझ्या हाताने तिला..."

"नाही," चेतना म्हणाली. "उद्याच. उद्या दहाला."

सुधन्वाने चमकून तिच्याकडे पाहिलं. सकाळपासून दोघांनी बाजू बदलल्या होत्या आणि मधे कुठे ओलांडलं ते दोघांनाही दिसलं नव्हतं.

"विराम जाईल," तो म्हणाला.

"जाऊ दे. मी परत तसं ओरडू शकणार नाही."

विजयालक्ष्मीबाई इतका वेळ ऐकत होत्या. खरोखर ऐकत होत्या. मशीनला बोटाने धरून, ते पडेल म्हणून. त्यांनी चेतनाचा फोन ओढला, मानसचं नाव शोधलं आणि स्पीकर लावला. गेल्या सहा वर्षांत त्यांनी कुणालाही फोन केला नव्हता.

"हाँ भाभीजी, बोलिए," मानस म्हणाला.

"भाभीजी नहीं. मैं."

"ताईजी? आप... फ़ोन पे?"

"मानस, मुझे सुनाई नहीं देता. छह साल से."

 चेतनाने मुठी आवळल्या.

"ताईजी," मानस हळूच म्हणाला, "वो तो पता है."

"किसको?"

"सबको. साउंडवाले अनिश ने पहले ही हफ़्ते बोल दिया था. हमें लगा आपको बुरा लगेगा, तो किसी ने बात नहीं छेड़ी. भाभीजी की बोतल पे तो लाइटवाले तीन साल से अलग से लाइट मारते हैं."

चेतनाला इतके दिवस वाटत होतं की बाटली एवढी चमकते ती चांगल्या कंपनीची आहे म्हणून.

"गुरुवार को बोतल नहीं थी," विजयालक्ष्मीबाई म्हणाल्या. "सबको पता था, तो सीन चालू क्यों रखा?"

मानसचा आवाज खाली आला. "गलती हो गई, ताईजी. बहुत बड़ी गलती."

"हाँ, हो गई. कल मैं नहीं आऊँगी, कान दिखाने हैं. फिर मशीन लगेगी, वो लगाके ही काम करूँगी."

"बिल्कुल. बिल्कुल, ताईजी. पर फिर वो पॉज़..."

"नहीं रहेगा. अभी घर में करके देखा."

"तो मैं चैनलवालों को क्या बोलूँ? आपको पता नहीं, वो लिस्ट..."

"बोलना, ताईजी को सुनाई देने लगा है. बहुत दुख हो तो रोने का एक सीन डाल लें. मुझे मत रखना उसमें, मैं हँस दूँगी." मशीन पुन्हा बारीक शिट्टी वाजवू लागलं. त्यांनी ते दाबून धरलं. अक्षताने शेजारी येऊन तो हात आपल्या हाताने आधारला. "और एक बात. मैं जितने दिन हूँ, चेतना मेरे साथ आएगी. बोतल हो न हो. उसको कुर्सी देना."

"कुर्सी?"

"छह साल से खड़ी है."

"अरे ताईजी, ज़रूर, पर..." मानस अडखळला. बहिरेपण, सहा वर्षांचं गुपित, जाणारा विराम, एवढं सगळं त्याने एका दमात पचवलं होतं. आता पहिल्यांदाच त्याच्या आवाजात खरी काळजी आली. "कुर्सी के लिए तो प्रोडक्शन से पूछना पड़ेगा."

"पूछ ले. मैं लाइन पर हूँ."

पलीकडे मानस कुणालातरी हाका मारत लांब गेला. दार वाजलं, कुणीतरी म्हणालं, कौन सी कुर्सी, प्लास्टिक की या फ़ोल्डिंग. विजयालक्ष्मीबाई फोन समोर धरून वाट बघत बसल्या. दामूकाका सगळ्यांच्या तोंडाकडे आळीपाळीने बघत होते, सुधन्वा त्यांच्यासाठी वर्तमानपत्राच्या कडेला मोठ्या अक्षरात काहीतरी लिहीत होता. चेतनाच्या लक्षात आलं की बोलता बोलता आपण पुन्हा उठलोय आणि आपल्याच घरात टेबलाच्या मागे, भिंतीला चिकटून उभे आहोत. तिने सासूबाईंच्या शेजारची खुर्ची ओढली. आधी ती कडेला टेकली. मग मागे सरकून नीट बसली.